धागा: आरोपीला शिक्षा कमी झाली तर पीडितेने दाद मागायची कुठे?

रामबाग_इंदूर

शिक्षा ठरवताना जजला किती मोकळीक असावी यावर आपल्याकडे एखादा निकाल गाजला की दोन दिवस बोलणं होतं, व्हॉट्सअ‍ॅपवर राग निघतो आणि मग सगळे विसरतात. मला यावर नीट बोलायचंय म्हणून धागा काढतेय. आधीच सांगते, कुठल्याही पीडितेचं नाव, गाव, नातेवाईक, ओळख पटेल असं काहीही इथे लिहू नका. कायद्याने तो गुन्हा आहे.

आपल्या इंदूरच्या एमजी रोडवरच्या, मध्य प्रदेश हायकोर्टाच्या खंडपीठापासूनच सुरू करते. ऑक्टोबर २०२२. चार वर्षांच्या मुलीवर बलात्कार, सेशन्सने जन्मठेप दिलेली. अपिलात हायकोर्टाने दोष कायम ठेवला, कृत्य राक्षसी म्हटलं, आणि तिथेच पुढे लिहिलं की मुलीला जिवंत सोडण्याइतकी दया त्याने दाखवली, म्हणून जन्मठेपेऐवजी वीस वर्षं. बातम्या आल्या, सगळीकडे संताप झाला, त्याच महिन्यात कोर्टाने स्वतःहून आदेश दुरुस्त केला की तो दयेचा शब्द नजरचुकीने गेला. शब्द काढला. वीस वर्षं मात्र वीसच राहिली.

त्याच्या आधी जुलै २०२०, हेच खंडपीठ. विनयभंगाचा आरोपी, जामीन मागतोय. जामीन दिला तो या अटीवर की रक्षाबंधनाला बायकोला घेऊन मिठाई घेऊन त्या बाईच्या घरी जायचं, राखी बांधून घ्यायची विनंती करायची, भाऊ म्हणून ओवाळणीचे ११ हजार द्यायचे आणि तिच्या मुलाला कपडे-मिठाईला ५ हजार. ही शिक्षा नव्हती, जामीन होता, हे मला माहीत आहे. पण मोकळीक तीच. त्या बाईला कोणी विचारलं का की हा माणूस परत तुझ्या दारात आलेला तुला चालेल का? मार्च २०२१ मध्ये सुप्रीम कोर्टाने ती अट रद्द केली आणि देशभरच्या कोर्टांना सांगितलं की असल्या प्रकरणांत समझौता, लग्न, बाईचे कपडे-वागणूक यावर बोलायचं नाही.

आता माझा खरा प्रश्न. सुटका झाली तर पीडित अपील करू शकते. छोट्या कलमाखाली दोषी धरला तरी करू शकते. भरपाई कमी वाटली तरी करू शकते. पण दोषी धरला, कलमही बरोबर लावलं आणि शिक्षा कमी दिली, तर तिला अपील नाही. तो हक्क सरकारचा. हे वाचलं तेव्हा मी दोनदा तपासलं, कारण माझा विश्वासच बसला नाही. ज्याला शिक्षा झाली तो जास्त झाली म्हणून वरच्या कोर्टात जाऊ शकतो, जिच्यावर झालं ती कमी झाली म्हणून जाऊ शकत नाही. मला हे कुठूनही न्याय्य वाटत नाही, ज्यांना वाटतं त्यांनी समजावून सांगा.

सुदामानगर_विनय

ताई एवढं सगळं लिहायची गरजच काय, मोकळीक काढून टाका ना. लहान मुलीवर हात टाकला की फाशी, संपलं. आपल्या मध्य प्रदेश विधानसभेने तर डिसेंबर २०१७ मध्येच सगळ्या देशाच्या आधी १२ वर्षांखालच्या मुलींसाठी फाशीचं बिल पास केलं होतं. जज दया दाखवून राहिले कारण त्यांना दाखवता येते.

जुनी_वकील

विनय, राग समजतो. मी आयुष्यभर कोर्टात उभी राहिले, पहिली काही वर्षं आरोपींकडून आणि नंतर फिर्यादीकडून, त्यामुळे दोन्ही बाजू सांगते, थोडं लांबेल.

मोकळीक बरीचशी काढलेलीच आहे. १९८३ च्या दुरुस्तीत बलात्काराला किमान सात वर्षं आली, पोलीस कोठडीतला, सामूहिक अशा प्रकारांना दहा. पण सोबत एक शेपूट ठेवलं होतं, पुरेशी आणि विशेष कारणं निकालपत्रात लिहून जजला त्याच्या खाली जाता येईल. सगळा घोळ तिथे झाला. विशेष कारण म्हणून काय काय लिहिलं गेलं ते वाचलं तर झोप लागणार नाही. मुलगा तरुण आहे, घरात कमावणारा एकटाच आहे, आता त्याचं लग्न झालं, तिचंही झालं, घटनेला खूप वर्षं झाली. १९८९ ला हरियाणाच्या एका प्रकरणात दोन पोलिसांची किमान दहा वर्षांची शिक्षा सुप्रीम कोर्टानेच पाचवर आणली आणि कारण काय तर मुलीची वागणूक. बायकांच्या संघटना रस्त्यावर उतरल्या, पुनर्विचार अर्ज झाला, तेव्हा कोर्ट म्हणालं की वागणूक म्हणजे चारित्र्य नव्हे, तिने तक्रार करायला पाच दिवस लावले ते. शिक्षा बदलली नाही.

२०१३ ला दिल्लीच्या घटनेनंतर ते शेपूट कापलं. २०१८ ला किमान सातचे दहा झाले, १६ च्या खालच्या मुलीसाठी वीस, १२ च्या खाली वीसपासून फाशीपर्यंत. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता आली त्यात हेच आकडे कलम ६४, ६५ मध्ये आहेत. पॉक्सो, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचारांचा कायदा, तोही २०१९ ला असाच कडक केला. म्हणजे आज सुप्रीम कोर्ट सोडलं तर किमानच्या खाली कोणताच जज जाऊ शकत नाही. आणि तरी रामबाग ताईंचा प्रश्न जिथल्या तिथे आहे, कारण वीस वर्षं की मरेपर्यंत कैद, दहा की जन्मठेप, हे अंतर छोटं नाही. आणि २०१३ च्या आधीच्या घटनांना जुनाच कायदा लागतो, त्यांची अपिलं अजून चालू आहेत.

आता फाशीचं. राजवाड्याजवळचं प्रकरण आठवतंय ना सगळ्यांना, एप्रिल २०१८, आईवडिलांशेजारी झोपलेलं काही महिन्यांचं बाळ. आपल्या जिल्हा कोर्टाने बावीस-तेवीस दिवसांत फाशी सुनावली, पेढे वाटले लोकांनी. ऑक्टोबर २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने तो सगळा खटला रद्द केला आणि पुन्हा पहिल्यापासून चालवा म्हणून परत पाठवला, कारण घाई एवढी केली की बचाव करायची धड संधीच दिली नव्हती. त्या आईबापांनी पाच वर्षांनी परत पहिल्या पायरीवर यायचं. याला वेगवान न्याय म्हणायची माझी तयारी नाही.

सुदामानगर_विनय

हे पुन्हा खटल्याचं मला माहीत नव्हतं काकू. तरी वाटतं की भीती हवी.

तोफखाना_के

भीती शिक्षा किती मोठी आहे याने बसत नाही, पकडले जाऊ आणि शिक्षा होईलच याने बसते. शिवाय या प्रकरणांत बहुतेक वेळा आरोपी ओळखीचा असतो, काका, शेजारी, शिकवणीवाला. फाशी होईल म्हटलं की घरचेच मुलीला गप्प करतात. हा अनुभव सगळ्या घरांचा आहे, कोणी बोलत नाही एवढंच.

मांडवी_बडोदा

बडोद्याहून लिहितोय. तुम्ही कोर्टाच्या मोकळिकीवर बोलताय, शिक्षा झाल्यानंतर सरकारच्या हातात जी मोकळीक येते ती पण धरा. २००२ च्या दंगलीतलं आमच्या गुजरातचं प्रकरण, सामूहिक बलात्कार आणि खून, खटला मुद्दाम मुंबईला हलवलेला, अकरा जणांना जन्मठेप. १५ ऑगस्ट २०२२ ला गुजरात सरकारने १९९२ च्या जुन्या धोरणाखाली शिक्षामाफी देऊन सगळ्यांना सोडलं आणि बाहेर हार घालून स्वागत झालं. त्या पीडितेला आधी विचारलं नाही, कळवलंही नाही. ८ जानेवारी २०२४ ला सुप्रीम कोर्टाने ती माफी रद्द केली, खटला महाराष्ट्रात चालला म्हणजे माफीचा अधिकार गुजरातला नव्हताच, आणि ते सगळे परत गोध्र्याच्या जेलात हजर झाले. पण ती स्वतः सुप्रीम कोर्टापर्यंत गेली म्हणून. किती जणी जाऊ शकतात? आमच्याकडे लोक अजून या विषयावर चहाच्या टपरीवर पण मोकळेपणी बोलत नाहीत, म्हणून इथे लिहिलं.

शिंदे_छावणी

ग्वाल्हेरकरांचं दोन पैशांचं म्हणणं. रामबाग ताई, सरकार अपील करतच नाही असं नाहीये हो. २००५ ते २००८ च्या दरम्यानचे सुप्रीम कोर्टाचे निकाल काढा, मध्य प्रदेश शासन विरुद्ध अमुक, मध्य प्रदेश शासन विरुद्ध तमुक, ओळीने सापडतील. आपल्या हायकोर्टाने बलात्काराची शिक्षा जेलात काढलेल्या काळापुरती करून टाकली होती, कुठे आरोपी खेड्यातला, कुठे अशिक्षित शेतकरी, आणि सुप्रीम कोर्टाने प्रत्येक वेळी म्हटलं की हे काही विशेष कारण होत नाही. खेड्यातला असणं हे कारण ऐकून मला तर खेड्यातल्या मुलीची आठवण येते, ती पण खेड्यातलीच होती ना.

आणि २०१५ चं एक आहे, सात वर्षांची मुलगी, बलात्काराचा खटला, ट्रायल कोर्टाने पाच वर्षं दिली. मुलीच्या आईबापांशी समझौता झालाय असं सांगितलं गेलं आणि हायकोर्टाने कलम विनयभंगावर आणून जेवढी काढली तेवढी पुरे केलं. शासन वर गेलं. सुप्रीम कोर्टाने सांगितलं की बलात्कार किंवा त्याच्या प्रयत्नात समझौता कुठल्याही परिस्थितीत चालणार नाही. म्हणजे व्यवस्था चालते, उशिरा चालते.

रामबाग_इंदूर

दादा, पण तुम्ही माझंच म्हणणं सिद्ध करताय. ही सगळी प्रकरणं वर गेली कारण शासनाने ठरवलं म्हणून. जिथे सरकारी वकिलाच्या टेबलावर फाइल पडून राहिली, मुदत निघून गेली, ती प्रकरणं आपल्याला माहीतच नाहीत, कारण त्यांचा निकाल छापूनच येत नाही. सात वर्षांच्या मुलीच्या प्रकरणातल्या शिक्षेचं भवितव्य एखाद्या ऑफिसातल्या टिपणीवर का असावं?

नारायणबाग_एस

मी फारसं लिहित नाही इथे, पण हे लिहिते. आमच्या ओळखीतल्या एका कुटुंबाबरोबर मी पेशीला जायचे, मुलगी लहान होती, आई एकटीच यायची. साक्ष झाली, उलटतपासणी झाली, ती पोर काय धीराने बोलली सांगू. त्यानंतर तिला आणि तिच्या आईला कोणी बोलावलंच नाही. दोषी ठरवलं त्या दिवशी शिक्षेवर म्हणणं ऐकतात, तेव्हा आरोपीचा वकील उभा राहिला, म्हातारे आईवडील, दोन मुलं, पहिलाच गुन्हा, सगळं सांगितलं. सरकारी वकील म्हणाले कठोर शिक्षा व्हावी, एक वाक्य, आणि बसले. मुलगी तेव्हापासून शाळेत जात नव्हती, रात्री दिवा घालवू देत नव्हती, घर बदललं त्यांनी, भाऊसुद्धा चिडचिडा झाला होता, यातलं एक अक्षर त्या दिवशी कोर्टासमोर आलं नाही. आईला शिक्षा किती झाली ते दुसऱ्या दिवशी पेपरात कळलं. जजसाहेब वाईट होते असं मी म्हणत नाही, त्यांच्यासमोर जे मांडलं त्यावरच त्यांनी ठरवलं.

पागनीसपागा_१२

😔 वाचून सुन्न झालो.

जुनी_वकील

नारायणबाग ताईंनी जे सांगितलं तीच खरी गोम आहे. शिक्षेवरची वेगळी सुनावणी कायद्याने आरोपीसाठी ठेवलेली आहे, आधी फौजदारी प्रक्रियेच्या जुन्या कायद्यात (सीआरपीसी) कलम २३५(२), आता नव्या कायद्यात (बीएनएसएस) २५८(२). आणि ती त्याला मिळायलाच हवी, यात मी तसूभर मागे हटणार नाही. इंदूरच्याच २०११ च्या तिहेरी खुनाच्या खटल्यात मे २०२२ ला सुप्रीम कोर्टाने सांगितलं की फाशीचा विचार करताना आरोपीचं बालपण, मानसिक स्थिती, जेलमधलं वागणं याचे अहवाल मागवा. चांगली गोष्ट आहे. पण तितक्याच आस्थेने पीडितेवर काय परिणाम झाला याचा अहवाल मागवायची सक्ती कुठे आहे? २०१८ च्या एका निकालात सुप्रीम कोर्टाच्या बहुमताने अशा निवेदनाचं महत्त्व सांगितलं, पण कायदा झाला नाही.

आणखी एक विसंगती बघा. १६ च्या खालच्या मुलीच्या बलात्काराच्या प्रकरणात आरोपी जामीन मागतो तेव्हा तक्रारदार किंवा त्याने नेमलेला माणूस हजर असणं २०१८ पासून बंधनकारक आहे. जामिनाला बंधनकारक, शिक्षेला नाही!

अपिलाबद्दल रामबाग ताईंनी लिहिलं ते बरोबर आहे. २०२० मध्ये दिल्लीच्या एका बापाने मुलाच्या खुनात शिक्षा वाढवून मागितली, सुप्रीम कोर्टाने सांगितलं की सीआरपीसीच्या कलम ३७२ च्या परंतुकात, म्हणजे पीडितेला अपिलाचा हक्क देणाऱ्या जोडवाक्यात, हे बसत नाही, शिक्षा वाढवायचं अपील कलम ३७७ खाली सरकारचं. कोर्टाला दोष देता येत नाही, संसदेने लिहिलंच तसं. दुःख याचं की २०२३ ला सगळा कायदा नव्याने लिहिला तेव्हा हे नीट करता आलं असतं, तर तेच परंतुक कलम ४१३ मध्ये आणि सरकारचं अपील ४१८ मध्ये जसंच्या तसं उतरवलं.

रेसकोर्स_अनिल

मी विरुद्ध बाजूने बोलतो, राग मानू नये. पीडितेला शिक्षेत बोलायचा हक्क दिला की तिच्यावर दबाव दुप्पट होणार. आज निदान ती म्हणू शकते की माझ्या हातात काही नाही. उद्या आरोपीचे नातेवाईक, जातीची पंचायत, तिचा स्वतःचा मामा तिला येऊन सांगेल की कोर्टात जाऊन म्हण मी माफ केलं. २०११ ला पंजाबच्या सामूहिक बलात्काराच्या प्रकरणात हेच झालं ना, समझौता झाला म्हणून सुप्रीम कोर्टानेच साडेतीन वर्षांवर सोडलं. मग ऑगस्ट २०१३ मध्ये तीन जजच्या पीठाला सांगावं लागलं की समझौता, लग्न, गेलेली वर्षं यातलं काहीही शिक्षा कमी करायचं कारण नाही. मोठ्या मुश्किलीने बंद केलेलं दार तुम्ही उघडून राहिलात.

रामबाग_इंदूर

राग कशाचा, हाच मुद्दा मला सगळ्यात जास्त सतावतो. पण माफीचं दार आणि दादेचं दार वेगळं ठेवता येईल की. तिच्या माफीने शिक्षा कमी होणार नाही, हे २०१३ च्या निकालाने ठरलेलंच आहे, ते तसंच राहू द्या. मी मागतेय ते अपील, शिक्षा अपुरी वाटली तर वर जायचा हक्क. आणि परिणामाचं निवेदन नातेवाइकांच्या गराड्यात घ्यायचंच नाही, पॉक्सोत मुलांना सहायक व्यक्ती देतात तशी बाहेरची बाई सोबत असावी, बंद खोलीत. दबाव आजही आहेच, आज तो साक्ष फिरवण्यासाठी असतो.

पलासिया_लॉ

मी लॉच्या शेवटच्या वर्षाला आहे. सगळे शिक्षा वाढवण्यावर बोलताय म्हणून एक दुसऱ्या टोकाचं प्रकरण मांडते. बंगालमधलं. मुलगी चौदा वर्षांची असताना पंचविशीच्या माणसाबरोबर निघून गेली, मूल झालं, पॉक्सोत त्याला वीस वर्षं झाली. २०२३ ला कलकत्ता हायकोर्टाने त्याला सोडलं आणि वर मुलींनी आपल्या इच्छांवर ताबा ठेवावा असा उपदेश केला. ऑगस्ट २०२४ ला सुप्रीम कोर्टाने तो निकाल रद्द करून दोष परत कायम केला. पण शिक्षा लगेच ठरवली नाही. तज्ज्ञांची समिती नेमली, त्यात मानसोपचार जाणणारी व्यक्ती होती, आणि त्या मुलीला, आता ती सज्ञान, नीट माहिती देऊन विचारलं. तर कळलं की तिला त्या घटनेपेक्षा पोलीस, कोर्ट, नवऱ्याला सोडवायची धडपड आणि माहेरच्यांनी टाकणं याचाच जास्त त्रास झाला. मे २०२५ मध्ये कोर्टाने घटनेच्या कलम १४२ खाली, म्हणजे पूर्ण न्यायासाठी असलेल्या खास अधिकारात, त्याला पुढे जेल नको असं ठरवलं आणि राज्य सरकारला तिच्या शिक्षणाची, घराची जबाबदारी घ्यायला लावलं. हे उदाहरण म्हणून दुसऱ्या प्रकरणांना लागू नाही हेही कोर्टाने लिहिलं.

मला हा निकाल पूर्ण पटतो असं नाही. चौदा वर्षांच्या मुलीपुढे पर्याय तरी कुठले होते? पण एक आहे, हायकोर्टाने दया दाखवली तेव्हा तिला उपदेश केला आणि सुप्रीम कोर्टाने दाखवली तेव्हा आधी तिचं ऐकून घेतलं. किमान वीस वर्षांचा आकडा एवढा कडक आहे की खालच्या कोर्टाकडे ऐकून घ्यायला जागाच नव्हती, कलम १४२ खाली जायचा अधिकार सुप्रीम कोर्टापुरताच. मग काही जज किमान शिक्षा फार वाटते म्हणून दोषच धरायला कचरतील अशी मला भीती वाटते.

तोफखाना_के

हो, आणि दोष धरताना कलमच पातळ करायचं हा दुसरा रस्ता. जानेवारी २०२१ चा नागपूर खंडपीठाचा निकाल आठवा, बारा वर्षांची मुलगी, कपड्यांवरून हात लावला, त्वचेला त्वचा लागली नाही म्हणून पॉक्सोची तीन वर्षं जाऊन विनयभंगाचं एक वर्ष राहिलं. नोव्हेंबर २०२१ ला सुप्रीम कोर्टाने ते उलटवलं. किमान शिक्षा कितीही लिहा, गुन्ह्याची व्याख्या वाचण्यात मोकळीक राहतेच.

शिंदे_छावणी

मग इंग्लंडसारख्या लेखी मार्गदर्शक सूचना का नाहीत आपल्याकडे? तिथे २०१० पासून सेंटेन्सिंग कौन्सिल आहे, कुठली गोष्ट गुन्हा गंभीर करते, कुठली सौम्य, छापून ठेवलंय. आपल्याकडे मलिमथ समितीने २००३ ला सुचवलं, माधव मेनन समितीने २००८ ला, दोन्ही अहवाल कपाटात. जजांच्या प्रशिक्षणाची अकादमी तर आपल्या भोपाळलाच आहे.

रामबाग_इंदूर

मार्गदर्शक सूचना हव्यातच. पण त्यात बाईच्या नुकसानीला वेगळी जागा हवी, नाहीतर परत सगळं आरोपीचं वय आणि त्याच्या घरच्यांभोवतीच फिरेल. पलासियाने जे प्रकरण सांगितलं त्याने माझं मत पक्कं झालं. मी कडक शिक्षेची मागणी करत नाहीये, कडक असो की सौम्य, ठरवण्याआधी तिला विचारा आणि चुकलं तर तिला वर जाऊ द्या.

नारायणबाग_एस

काकू, एक विचारायचं होतं. आज, कायदा बदलायच्या आधी, त्या आईसारखी कोणी आली तर तिला काय सांगायचं? काही करता येतं की नाही?

जुनी_वकील

करता येतं, पण निकालाची वाट बघू नका, आधीपासून करा. एक, कोर्टाच्या परवानगीने स्वतःचा वकील सरकारी वकिलाला मदत करायला देता येतो, पॉक्सोत तर कलम ४० खाली मुलाच्या घरच्यांचा तो हक्कच आहे. हा वकील तोंडी युक्तिवाद स्वतंत्रपणे करू शकत नाही, पण लेखी म्हणणं देऊ शकतो, आणि शिक्षेच्या दिवशी शाळेचा दाखला, डॉक्टरांचे कागद, समुपदेशकाचा अहवाल सरकारी वकिलाच्या हातात ठेवू शकतो. तेवढ्यानेही खूप फरक पडतो. पैसे नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण, बायकांना आणि मुलांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, हेल्पलाइन १५१००.

दोन, शिक्षा कमी झाली तर निकालाची प्रमाणित प्रत लगेच काढा आणि जिल्हा लोक अभियोजन कार्यालयात (सरकारी वकिलांचं कार्यालय) लेखी अर्ज द्या की शासनाने शिक्षावाढीचं अपील करावं, त्याची एक प्रत जिल्हाधिकाऱ्यांना आणि एक महाधिवक्ता कार्यालयाला, सगळ्यांवर पोच घ्या, कारण मुदत अर्जाची वाट बघत थांबत नाही. हायकोर्टाला रिव्हिजनमध्ये, म्हणजे खालच्या कोर्टाचा निकाल तपासताना, शिक्षा वाढवायचा अधिकार आहे, तिथे अर्ज देता येतो, पण ते ऐकायचं की नाही हे कोर्टावर. आणि आरोपीने अपील केलं तर त्यात आपलं म्हणणं ऐकावं म्हणून अर्ज करा, पीडितेला प्रत्येक टप्प्यावर ऐकलं जायचा हक्क आहे असं सुप्रीम कोर्टाने एप्रिल २०२२ मध्ये म्हटलंय, तो निकाल सोबत लावा.

तीन, भरपाई. नालसाच्या (राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरणाच्या) २०१८ च्या योजनेत बलात्काराला चार ते सात लाख, सामूहिकला पाच ते दहा. निकालात जज लिहायला विसरले तरी प्राधिकरणाकडे वेगळा अर्ज चालतो.

त्या आईचा निकाल कधीचा आहे ते मला मेसेजमध्ये कळवा, इथे नको. भरपाईचं अजून काही होतंय का ते बघते.

नारायणबाग_एस

पाठवते काकू. कागद तिच्याकडे सगळे आहेत, तिने एका पिशवीत जपून ठेवलेत.